कावळ्याच्या कानात

बाबांच्या दहाव्याला रामकुंडावर माझी भावजय उत्तरा कावळ्याच्या कानात काय पुटपुटली, ते मला वर्षभर कळलं नाही. आणि मला न कळणारी गोष्ट माझ्या वाईटाचीच असणार, असं मानायचा माझा स्वभाव आहे. त्याला औषध नाही.

रामकुंडावर कावळ्यांना काय तोटा? शेजारच्या पिंडांवर त्यांची भांडणं चालली होती. आमच्या पिंडाला मात्र एक शिवेना. यायचे, जरा लांब बसायचे, मान वाकडी करून बघायचे आणि उडून जायचे. उन्हं वर आली. नातेवाईक एकमेकांकडे बघायला लागले. अशा वेळी गेलेल्या माणसाची इच्छा राहिली असं म्हणतात, आणि ती काय असेल याचे अंदाज बांधायला लोकांना फार आवडतं. आमच्याकडे अंदाजाची गरजच नव्हती, सगळ्यांचे डोळे सरळ माझ्याकडे वळले. बिनलग्नाची मुलगी, पन्नाशी उलटलेली, वडिलांच्या आजारपणात वाचनालयातली नोकरी सोडून घरी बसलेली. बाबांचा जीव आणखी कशात अडकणार?

माझा धाकटा भाऊ रंगनाथ पुढे झाला. तो ओझरच्या कारखान्यात आहे. तिथल्या मशिनींमुळे की काय, त्याला हळू बोलताच येत नाही. हात जोडून तो सगळ्या घाटाला ऐकू जाईल असं म्हणाला, "बाबा, ताईची काळजी करू नका. ताईला आम्ही सांभाळू. शेवटपर्यंत सांभाळू."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. लकव्यानं पडलेल्या बापाचं सगळं अंथरुणात जिनं काढलं, तिला आता सांभाळायचं होतं! मी काय गाय आहे की म्हैस? पण दहाव्याच्या दिवशी भांडता येत नाही, म्हणून मी खाली बघत राहिले. कावळे ढिम्म हलले नाहीत.

मग उत्तरा पुढे गेली. डोक्यावर पदर घेतला, पिंडाजवळ वाकली आणि ओठातल्या ओठात काहीतरी बोलली. दोन-तीन वाक्यं असतील, जास्त नाही. ती मागे सरते न सरते तोच एक कावळा आला आणि त्यानं पिंडाला चोच लावली. सगळे "सुटले, सुटले" म्हणाले आणि आपापल्या चपला शोधायला लागले.

परत येताना रिक्षात मी तिला विचारलं, "काय म्हणालीस गं तू?"

"काही नाही, ताई. असंच. बाबांचं आणि माझं."

माझा बाप, आणि त्याच्यात आणि हिच्यात काहीतरी होतं जे मला सांगण्यासारखं नव्हतं! त्या दिवसापासून मी मनात हिशोब मांडत बसले. रंगनाथनं मला सांभाळायचं वचन दिलं तेव्हा कावळा आला नाही. हिनं दुसरं काहीतरी सांगितलं तेव्हा आला. म्हणजे हिनं त्याच्या उलटच सांगितलं असणार. आमचा बंगला कॉलेज रोडच्या आतल्या गल्लीत आहे. डावीकडचा बंगला बिल्डरला गेला, उजवीकडचाही गेला. आता दोन बिल्डिंगांच्या मध्ये आमचंच बैठं घर उरलंय. अशा घरात बिनलग्नाच्या नणंदेची जागा किती पक्की असते, ते मला कुणी शिकवायला नको.

समोरच्या बिल्डिंगमधल्या तेजश्रीला मी हे बोलून दाखवलं. ती म्हणाली, "अहो मंजूताई, कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडली. एवढं काय मनावर घेताय?" आणि लगेच म्हणाली, "पण सांगत नाही म्हणजे पाणी कुठंतरी मुरतंय हां." तिच्या पहिल्या वाक्याचा मला काही उपयोग नव्हता. दुसरं मी जपून ठेवलं.

आणि पाणी मुरत होतंच. तेरावं झाल्यावर उत्तरा मला म्हणाली, "ताई, तुम्ही बाबांच्या खोलीत या ना आता. मोठी आहे, उजेड आहे." मी मनात म्हटलं, वा! पुण्याला शिकणारी हिची लेक स्वानंदी सुट्टीत आली की तिला माझी खोली हवी. आणि मला कुठे, तर जिथं माणूस गेलं तिथं. तरी गेले, कारण नाही म्हटलं असतं तर मीच वाईट ठरले असते. पहिल्याच सकाळी उशाशी बाबांच्या कपाटाच्या आणि कोठीच्या किल्ल्या ठेवलेल्या. म्हणजे कोठीचं बघणंही माझ्या गळ्यात!

त्यातून तिचं ते विचारणं. ती एका शाळेच्या ऑफिसात आहे, दिवसभर माणसांना कामाला लावते. पण घरी आली की प्रत्येक गोष्ट मला विचारायची. ताई, पडदे धुवायला टाकू का? ताई, दूधवाला बदलू का? ताई, रविवारी माझी माहेरची माणसं येऊ देत का? मी म्हणायची, "मला काय विचारतेस? घर तुझं आहे." ती नुसती हसायची. तिचं ते हसणं माझ्या डोक्यात जायचं. गोड बोलून काटा काढणारी माणसं मी वाचनालयाच्या काउंटरवर कमी पाहिली नाहीत.

मग तिनं बागेचं काढलं.

बाबांच्या खोलीची खिडकी मागच्या अंगणात उघडते. बाबा पडून असायचे तेव्हा मी त्यांच्यासाठी खिडकीच्या कट्ट्यावर भाताची शितं ठेवायची, चिमण्या यायच्या, ते बघायचे. तेवढंच. आता उत्तरानं घोटीहून, तिच्या भावाच्या भातगिरणीतून, तांदळाची कणी पोत्यानं आणवली. त्यात बाजरी आणि राळा मिसळून ती रोज सकाळी अंगणभर विखरायला लागली. पहिले काही दिवस नुसती कबुतरं. फरशीवर घाण, फडफडाट, घुमणं. मी खूश झाले, म्हटलं आता हिचं हिलाच नको होईल.

पण ती हटली नाही. पावसाळ्यात तिनं खिडकीखालची माती उकरली. "ताई, इथे झिनिया लावू का?" मी म्हटलं, "मला काय विचारतेस?" तिनं झिनिया लावली, मागे कॉसमॉस, भिंतीला सूर्यफुलं, कडेनं झेंडू. म्हणाली, "नुसते दाणे टाकले की कबुतरांचंच राज्य होतं, ताई. फुलं असली की किडे येतात, किड्यांना खाणारे येतात. झाडोरा वाढला की छोट्यांना लपायला जागा मिळते." मग दाणेही तिनं मोकळ्यावर टाकायचं सोडून दिलं, झाडांच्या बुडाशी टाकायला लागली. तिथं कबुतरांना नीट शिरता येत नाही. मोबाइलवर बघून शिकली होती सगळं.

खोटं कशाला बोलू, दसऱ्यापर्यंत त्या खिडकीतून नजर हलेना. इवलासा शिंजीर पक्षी फुलांशी उलटा लटकायचा. सातभाई भांडत यायचे आणि भांडत जायचे. मुनिया कॉसमॉसच्या बारीक काड्यांवर झोके घ्यायच्या, एक खार तर माझ्याकडे बघत बघत दाणे सोलायची. मला आवडत होतं. म्हणूनच जास्त संशय येत होता. शाळा, डबे, स्वयंपाक सगळं सांभाळून ही बाई माझ्या खिडकीखाली एवढी का राबते?

उत्तर मला कावळ्यांनी दिलं. म्हणजे मला तेव्हा तसं वाटलं. सकाळी उत्तरा मागचं दार उघडायची, तर तिच्या आधी कावळे भिंतीवर हजर. ती पोळीचे तुकडे टाकायची, "या रे बाबांनो" म्हणायची आणि ते निर्धास्त तिच्या पायाशी उतरायचे. एकदा ती शाळेत गेल्यावर मी पोळी घेऊन बाहेर गेले. एकही खाली येईना. भिंतीवर बसून त्यांनी मान वाकडी केली आणि रामकुंडावर बघत होते तसेच माझ्याकडे बघत राहिले.

माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. ही कावळे फितवतेय! मार्गशीर्षात बाबांचं वर्षश्राद्ध येणार, ते घरीच होणार. कावळ्याचं पान याच भिंतीवर ठेवणार. रंगनाथ हात जोडेल, कावळा येणार नाही. मग ही पुढे होणार, काहीतरी पुटपुटणार, आणि हिचे पाळीव कावळे झडप घालणार. सगळ्या नातेवाइकांसमोर पुन्हा ठरणार की बाबांचा जीव लेकीत नव्हता, सुनेत होता. मग उद्या हिनं सांगितलं की बाबांची इच्छा घर बिल्डरला द्यायची होती आणि मंजूताईंना कुठंतरी सोय करून द्यायची होती, तर कोण नाही म्हणणार? साक्षीला कावळा आहेच.

हे मी कुणाला सांगितलं नाही. तेजश्रीला सुद्धा नाही. सांगताना ते वेडगळ वाटलं असतं आणि मला ते वेडगळ वाटायला नको होतं.

तेवढ्यात फुलांवरून एकदा ठिणगी पडली. झिनिया वाळायला लागली होती. फुलं तपकिरी झाली, सूर्यफुलांच्या माना खाली पडल्या, कॉसमॉसची नुसती काटकुळी चिपाडं उरली. दोन टवटवीत झेंडू देवाला घ्यावेत आणि वाळकं सगळं कापून टाकावं म्हणून मी कात्री घेऊन गेले, तर ही धावत आली. "ताई, झेंडू घ्या हवे तेवढे. पण वाळलेली राहू द्याल का? त्यांच्यातच बी असतं. मुनिया त्यावरच येतात." बोलली विनवूनच. पण माझ्या कानाला ऐकू आलं ते एवढंच, की माझ्या बापाच्या अंगणात मी कात्री लावायची नाही.

वर्षश्राद्धाच्या आदल्या दिवशी मी सरळच विचारलं. ती शाळेत निघाली होती, खांद्याला पर्स होती.

"उत्तरा, उद्या वर्ष होईल. आता तरी सांग. रामकुंडावर काय म्हणाली होतीस?"

तिनं पर्सचा पट्टा सावरला. "ताई, राहू द्या ना. बोलून दाखवलं की त्याचं काही राहत नाही."

"माझ्याबद्दल होतं का?"

तिनं माझ्याकडे बघितलं आणि खाली बघितलं. "उशीर होतोय," म्हणाली आणि गेली.

झालं. ताकाला जाऊन भांडं लपवणं म्हणतात ते हेच. मी पदर खोचला आणि अंगणात उतरले. झिनिया उपटली, कॉसमॉस उपटलं, सूर्यफुलं बुडातून ओढून काढली. सगळं कणीच्या रिकाम्या पोत्यात कोंबलं. झाडांच्या बुडाशी सांडलेले दाणे झाडून काढले, मातीवरसुद्धा खराटा फिरवला. अंगावर मुंग्या चढल्या, हाताला सूर्यफुलांची कुसं टोचली, पण थांबले नाही. एक मुनियांचा थवा आला, जिथं काड्या होत्या तिथं घिरट्या घातल्या आणि निघून गेला. मला वाटलं होतं की मोकळं वाटेल. तसं काही झालं नाही. उलट अंगण बघवेना, म्हणून मी खिडकी लावून घेतली.

संध्याकाळी उत्तरा आली. मागच्या दारात उभी राहिली. मी भांडायच्या तयारीनंच बसले होते, पाहुणे येणार म्हणून साफ केलं, हे वाक्य तोंडात तयार होतं. ती एवढंच म्हणाली, "ताई, विचारायचं तरी..." आणि मध्येच थांबली. मग स्वतःशीच मान हलवली. "नाही. घर तुमचं आहे. तुम्ही कशाला विचाराल?"

टोमणा म्हणतात तो असा! मी रात्रीची जेवले नाही.

दुसऱ्या दिवशी गुरुजी आले, श्राद्ध झालं. वडे, खीर, आमसुलाची चटणी, सगळा स्वयंपाक उत्तरानं सोवळ्यात केला, मीठ किती घालू हे मात्र मला विचारत. दुपारी रंगनाथनं कावळ्याचं पान भिंतीवर ठेवलं. आम्ही सगळे मागच्या अंगणात उभे राहिलो. नातेवाईक, गुरुजी, समोरची तेजश्री.

कावळा येईना. एरवी दार उघडायच्या आधी भिंतीवर बसणारे कावळे त्या दिवशी कुठे गेले होते देव जाणे. उघड्या मातीवर ऊन पडलं होतं. वडे गार झाले. घरात पंगत खोळंबली होती. नातेवाइकांचे डोळे पुन्हा एकदा सवयीनं माझ्याकडे वळले.

आणि रंगनाथ घसा खाकरून म्हणाला, "बाबा, ताईची काळजी नको. ताईला आम्ही सांभाळतोय ना."

मला वाटलं, जमीन दुभंगावी. कुणीतरी सुस्कारा सोडला. तेवढ्यात उत्तरानं डोक्यावर पदर घेतला आणि ती भिंतीकडे निघाली. या वेळी मी तयार होते. लाज सोडली आणि तिच्या पाठोपाठ गेले, तिच्या मागे अगदी चिकटून उभी राहिले. तिला कळलं नाही. तिचे डोळे मिटलेले होते.

"बाबा," ती पुटपुटली, "मागच्या वर्षी सांगितलं तेच सांगते. ह्यांचं बोलणं मनावर घेऊ नका. मंजूताईंना आम्ही सांभाळत नाही. हे घर मंजूताईंचं आहे, त्यांच्या घरात आम्ही राहतो. त्यांना विचारल्याशिवाय मी इथं काही हलवणार नाही म्हटलं होतं, नाही हलवलं." मग तिनं पदर आणखी पुढे ओढला. "खिडकीतून त्यांना काहीतरी हलतं-बोलतं दिसावं म्हणून बाग केली होती. तुम्ही गेल्यावर त्यांना बघायला कुणी उरलं नव्हतं. ती त्यांना नको होती. चुकलं माझं. या आता."

मी तिथंच उभी राहिले. किल्ल्या आठवल्या, खोली आठवली. पडदे, दूधवाला, मीठ. वर्षभर ती मला माझं घर परत परत हातात देत होती आणि मी प्रत्येक वेळी म्हणत होते, मला काय विचारतेस? बाबांना माझी काळजी कशाची होती, ते त्यांच्या मुलाला कळलं नव्हतं आणि मलाही कळलं नव्हतं. मला कुणी टाकेल, याची नव्हती. मला कुणी पोसेल, याची होती. मला इतकी शरम वाटली आणि इतकं रडू आलं, की दोन्हीतलं आधी काय आवरावं ते समजेना.

तुम्ही म्हणाल, मग कावळा आला असेल. नाही आला. बराच वेळ वाट बघून गुरुजी म्हणाले, "पान गाईला घाला नंतर. चालतं. आता मंडळींना वाढा." सगळे आत गेले. रंगनाथ जाताना माझ्या खांद्यावर हात ठेवायला आला, मी त्याला म्हटलं, "तू आत जा आणि पंगतीत नीट वाढ. आणि यापुढे मला सांभाळतो म्हणालास तर याद राख." तो बावचळून गेला.

पोतं अजून कोपऱ्यात, कचऱ्याच्या गाडीची वाट बघत होतं. मी ते अंगणाच्या मध्ये ओढत आणलं आणि उपडं केलं. नेसूचं रेशमी लुगडं तसंच मातीत टेकवून बसले. झिनियाचं एक वाळकं फूल तळहातावर चुरडलं. पाकळ्यांचा भुसा झाला आणि भाल्याच्या टोकासारखं चपटं बी हातात उरलं. दुसरं चुरडलं, तिसरं चुरडलं. निम्मं मातीत पेरत होते, निम्मं तसंच वर विखरत होते, ज्यांना आज खायचंय त्यांच्यासाठी.

उत्तरा दारातून बघत होती. मग तीही येऊन शेजारी बसली. तिनं एक सूर्यफूल उचललं, अंगठ्यानं दाणे मोकळे करायला लागली. पंगतीला आम्ही दोघी नव्हतो, कुणीतरी आतून हाका मारल्या, आम्ही गेलो नाही.

"थंडीत उगवेल ना गं?" मी विचारलं.

"सगळं नाही. थोडं उगवेल, ताई. उशिरा उगवेल."

मी मान वर केली तेव्हा भिंतीवरचं पान जरा सरकलेलं होतं. त्यावरचा वडा नव्हता. कावळ्यानं नेला की खारीनं, ते आम्ही दोघींनीही पाहिलं नाही.

उत्तरानं नळाशी जाऊन बादली भरली आणि ती हातात धरून माझ्याकडे बघत उभी राहिली.

"ताई, पाणी घालू का?"

"घाल," मी म्हटलं. "बेतानं घाल. बी वाहून जाईल माझं."